कपडे न उतरवता गाजलेली भूमिका: टुरा सताना, बर्लेस्क आणि एक्स्प्लॉयटेशन सिनेमा

1965 सालच्या 'फास्टर, पुसीकॅट! किल! किल!' या अमेरिकी चित्रपटात टुरा सताना ही नर्तकी-अभिनेत्री दिसते ती काळी घट्ट पँट, खोल गळ्याचा काळा टॉप, काळे हातमोजे आणि बूट घातलेली. जवळजवळ शेवटपर्यंत ती त्याच वेषात वावरते. त्याआधी दहाएक वर्षं तिचा पोटापाण्याचा उद्योग होता रंगमंचावर एकेक कपडा उतरवण्याचा. आयुष्यभर लोकांनी तिला ओळखलं ते मात्र कपडे अंगावर ठेवून केलेल्या या भूमिकेमुळे. हा योगायोग नव्हता. बर्लेस्कमध्ये, म्हणजे कपडे उतरवण्याच्या नाचाच्या त्या रंगमंचीय खेळात, खरं कौशल्य कशाचं असतं आणि एक्स्प्लॉयटेशन सिनेमाला, म्हणजे सनसनाटी विषयांवर चालणाऱ्या स्वस्तातल्या सिनेमाला, नेमकं काय विकत हवं होतं, हे कळलं की त्याचा उलगडा होतो.

(सताना हे आडनाव तिला पहिल्या नवऱ्याकडून मिळालं. नाशिक जिल्ह्यातल्या सटाण्याशी त्याचा काही संबंध नाही. नाव वाचून शंका येते म्हणून सांगून ठेवलं.)

बर्लेस्क म्हणजे नुसता नंगानाच नव्हे

1868 मध्ये लिडिया थॉम्प्सनची इंग्रज नटींची मंडळी न्यूयॉर्कला आली. प्रतिष्ठित नाटकांची टर उडवणाऱ्या त्यांच्या खेळांत बायका तंग विजारी घालून पुरुषांची कामं करत. तिथून अमेरिकी बर्लेस्क सुरू झालं. पुढे त्यात विदूषकांच्या जोड्या, गाणी, कसरती, समूहनृत्य आलं, आणि 1920 च्या दशकात स्ट्रिपटीज हा त्यातला मुख्य माल झाला. तरी खेळाचा सांगाडा मिश्रच राहिला. तमाशात सोंगाड्याची बतावणी आणि लावणी एकाच खेळात नांदतात, तशी इथे विनोदी प्रवेश आणि नर्तकी यांची आलटून पालटून गुंफण असे. लावणीत कपडे उतरवण्याचा प्रकार नाही. पैशाच्या बाबतीतही फरक होता: बर्लेस्क थिएटरात दौलतजादा नसे, नर्तकीला आठवड्याचा ठरलेला पगार मिळे.

नर्तकींमध्ये दोन थर होते. मागच्या रांगेत नाचणाऱ्या कोरस मुली, आणि 'फीचर', म्हणजे जिचं नाव बाहेरच्या पाटीवर दिव्यांत लागतं ती. फीचर दर आठवड्याला किंवा दोन आठवड्यांनी गाव बदलायची. कपड्यांच्या ट्रंका आणि बँडसाठी लिहून काढलेली संगीताची पानं तिची स्वतःची असत. बँड मात्र त्या त्या गावातला, आणि तालमीला वेळ जेमतेम.

या व्यवस्थेतला सगळ्यात महत्त्वाचा माणूस म्हणजे ड्रमर. नर्तकीचे दोन मूळ अवयवविक्षेप: 'बंप', म्हणजे कंबर एका झटक्यात पुढे, आणि 'ग्राइंड', म्हणजे नितंब सावकाश गोल फिरवणं. ग्राइंडला सॅक्सोफोन पुरतो. बंपवर मात्र ड्रमचा ठोका अचूक त्याच क्षणी पडावा लागतो. नर्तकीकडे डोळे लावून बसलेला ड्रमर असला की साधी हालचालही तोफेसारखी उडते. पानात डोकं घालून वाजवणारा असला की चांगली फीचरही गावठी दिसते. थोडक्यात, रंगमंचावर संगीत नर्तकीच्या मागे चालायचं. हा मुद्दा ध्यानात ठेवा, पुढे सिनेमाच्या वेळी लागणार आहे.

कपडा उतरतो कसा

कपडे उतरवणं ही सुतारकामासारखी मोजूनमापून करायची गोष्ट आहे. नेहमीच्या क्रमात आधी कोपराच्या वर जाणारे हातमोजे, मग गाऊन, मग आतला चोळीवजा भाग आणि पुढेमागे लोंबणारे दोन पडदे असलेला पॅनल स्कर्ट. शेवटी उरायचे फक्त पेस्टीज आणि जी-स्ट्रिंग. पेस्टीज म्हणजे स्तनाग्रांवर चिकटवलेल्या टिकल्या. त्या बहुतेक शहरांत कायद्याने सक्तीच्या होत्या.

हातमोजा एकदम ओढला तर उलटा होऊन मनगटावर अडकतो. म्हणून एकेका बोटाचं टोक आधी थोडं थोडं सैल करायचं, मगच ओढायचं. प्रेक्षकाला हा नखरा वाटतो, पण ती गरज असते. हात घामेजले की सॅटिन चिकटून बसतं, म्हणून आत टाल्कम पावडर. गाऊनला चेन लावली तर ती नेमकी रंगमंचावर अस्तरात अडकते, म्हणून जाणत्या शिंपिणी हूक किंवा टिचबटणं लावत आणि ओढ पडली की एका बाजूने सटकेल अशी शिवण ठेवत. कापड हलकं असेल तर खाली पडताना तरंगतं आणि पायात येतं. घेराच्या कडेला वजन शिवलं की ते सरळ जमिनीवर जातं.

पेस्टीज चिकटवायला स्पिरिट गम, आपले रंगभूषाकार दाढीमिश्यांना वापरतात तोच. तो लावल्या लावल्या दाबला तर धरत नाही. थोडा सुकून चिकट व्हावा लागतो, आणि त्वचेवर तेल किंवा घाम असेल तर दिव्यांच्या उष्णतेत पाच मिनिटांत सुटतो. पेस्टीजना गोंडे लावले की ते 'टॅसल'. गोंडा पीळ न खाता फिरत राहावा म्हणून त्याच्या मुळाशी मासेमारीच्या गळाला असते तशी फिरती कडी बसवतात. टोकाला थोडं वजन लागतं, नाहीतर तो नुसता लोंबतो. मग बरगड्या आणि खांदे यांच्या छोट्या लयबद्ध उसळीने तो फिरवायचा. दोन गोंडे परस्परविरुद्ध दिशांना फिरवणं हे या कलेतलं अवघड काम, आणि टुरा सतानाची त्यात ख्याती होती.

एकूण हा एक नाच चालायचा दहा-पंधरा मिनिटं. त्यात खरोखर काही 'दिसण्याचा' वेळ शेवटचे काही सेकंद, मग अंधार. बाकीचा सगळा वेळ न दाखवण्याचा. हजार माणसांचं लक्ष काही न दाखवता बांधून ठेवायचं, हीच फीचरची खरी कमाई. सिनेमावाल्यांना पुढे जे फुकटात मिळालं ते हेच.

होक्काइडो, मान्झानार, कॅल्युमेट सिटी

टुरा लुना पास्कुआल यामागुची हिचा जन्म 10 जुलै 1938 चा, जपानमधल्या होक्काइडोचा. वडिलांकडून जपानी आणि फिलिपिनो, आईकडून शायेन आदिवासी आणि स्कॉट-आयरिश रक्त. वडील मूकपटांत काम केलेले, आई सर्कशीतली. युद्धकाळात जपानी वंशाच्या लोकांना अमेरिकेने छावण्यांत कोंडलं, त्यातल्या मान्झानारच्या छावणीत हे कुटुंब होतं. मोहावे वाळवंटाच्या उत्तरेला, कोरड्या ओवेन्स खोऱ्यात. नंतर शिकागोचा पश्चिम भाग. तिथे लहानपणी तिच्यावर झालेल्या अत्याचाराबद्दल ती पुढे मुलाखतींत स्वतः बोलली. त्यानंतर ती आयकिडो आणि कराटे शिकली. कोवळ्या वयात लग्न लावून दिलं गेलं, ते टिकलं नाही.

रंगमंचावर ती आली ती कॅल्युमेट सिटीत. शिकागोच्या दक्षिणेला, इंडियाना राज्याच्या सीमेला खेटलेलं हे गाव. आसपासच्या पोलाद कारखान्यांतले कामगार पगार घेऊन इथल्या बारमध्ये येत. तिथल्या क्लबात तिचा नाच होता 'गॅलाटिया': पुतळा जिवंत होतो, ही ग्रीक कथा. नाच म्हणून ही कल्पना फार हुशारीची आहे. सुरुवातीला तिला फक्त स्थिर उभं राहायचं, आणि ओरडणारे बेवडे आपोआप गप्प बसतात. पहिलं बोट हललं की तीच मोठी घटना होते.

थिएटरऐवजी क्लब का, याला कारण आहे. न्यूयॉर्कमध्ये 1937 साली महापौर ला गार्डिया यांच्या प्रशासनाने बर्लेस्क थिएटरांच्या परवान्यांचं नूतनीकरण रोखलं, आणि 1942 पर्यंत उरलीसुरलीही बंद पडली. धंदा पसरला छोट्या शहरांत आणि नाइटक्लबांत. दूरदर्शन आल्यावर विदूषकांनी तिकडची वाट धरली, कारण त्यांचे विनोद थोडे धुऊन टीव्हीवर चालत. नर्तकींना ती सोय नव्हती. 1960 च्या आसपास फीचरपुढे पर्याय उरले दोन: पडत्या दराने क्लब, नाहीतर कॅमेरा.

एक्स्प्लॉयटेशन सिनेमा कशाच्या जिवावर उभा राहिला

हॉलिवूडची प्रॉडक्शन कोड नावाची नियमावली 1934 पासून कडकपणे लागू झाली. हा कायदा नव्हता, मोठ्या स्टुडिओंचा आपापसातला करार होता. कोडचा शिक्का नाही तर स्टुडिओंच्या थिएटरात पडदा नाही. त्या थिएटरांबाहेर मात्र हा नियम कुणालाच बांधत नव्हता. तिथे फिरते निर्माते 'समाजप्रबोधना'च्या नावाखाली गुप्तरोग, गांजा, बाळंतपण असले विषय दाखवत. गाठीला मोजक्या प्रिंट्स, त्याच गावोगाव नेत.

मग तीन गोष्टी लागोपाठ घडल्या. 1948 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या पॅरामाउंट निकालाने स्टुडिओंना थिएटरं विकायला लावली, त्यामुळे मोकळ्या झालेल्या थिएटरांना माल हवा होता. 1952 च्या बर्स्टिन निकालाने सिनेमाला अभिव्यक्तिस्वातंत्र्याचं संरक्षण मिळालं. 1957 मध्ये न्यूयॉर्कच्या अपील न्यायालयाने सांगितलं की पडद्यावरची नग्नता केवळ नग्नता म्हणून अश्लील ठरत नाही. जोडीला गाडीत बसून सिनेमा बघायची ड्राइव्ह-इन थिएटरं पन्नासच्या दशकात हजारोंनी उगवलेली.

रस मायर हा युद्धात कॅमेरामन असलेला आणि नंतर मासिकांसाठी सुंदरींचे फोटो काढणारा गृहस्थ. त्याने 1959 मध्ये 'द इम्मॉरल मिस्टर टीज' काढला, खर्च सुमारे 24,000 डॉलर. कमाई दहा लाखांच्या वर गेली. मग रांगच लागली.

बर्लेस्क नर्तकी त्याआधीही पडद्यावर आल्या होत्या. 'व्हरायटीज' (1954) मध्ये लिली सेंट सीर, 'टीझरामा' (1955) मध्ये टेम्पेस्ट स्टॉर्म. पण ते सिनेमे म्हणजे रंगमंचासमोर कॅमेरा रोवून केलेली नोंद. आज बघताना जांभया येतात, आणि का येतात ते समजून घेण्यासारखं आहे. थिएटरात नर्तकी एकदा उजव्या, एकदा डाव्या प्रेक्षकाकडे बघते, कोण टाळ्या वाजवतोय ते हेरून वेग बदलते. कॅमेरा टाळ्या वाजवत नाही. तिला प्रतिसाद नाही, म्हणून वेगाचा अंदाज नाही. हजार जणांसाठी बेतलेला डोळा भिंगात घातला की तो कुठेच पोचत नाही. आणि सगळ्यात मोठी अडचण म्हणजे सिनेमात ड्रमर नर्तकीच्या मागे जात नाही. कधी तोडायचं हे संकलक ठरवतो. रंगमंचावर तिच्या हातात असलेली वेळ इथे दुसऱ्याच्या कात्रीखाली जाते.

ब्लेझ स्टार या बर्लेस्क नर्तकीचा 'ब्लेझ स्टार गोज न्यूडिस्ट' (1962, दिग्दर्शन डोरिस विशमन) पाहिला तर दुसरी खोट दिसते. तिथे नग्नता आहे, पण बर्लेस्क नाही. उन्हात बागडणाऱ्या माणसांत ताण कसला? काढायला काही उरलंच नाही की फीचरचं भांडवल संपतं.

व्हार्ला

सतानाने आधी सरळ मार्ग चोखाळला होता. 1963 मध्ये बिली वाइल्डरच्या 'इर्मा ला दूस'मध्ये सुझेट वाँग ही छोटी भूमिका, टीव्हीवर 'द मॅन फ्रॉम अंकल' सारख्या मालिकांत फुटकळ कामं. पूर्वेकडच्या चेहऱ्याला हॉलिवूडमध्ये तेव्हा दोनच खाने: वेश्या नाहीतर कारस्थानी खलनायिका. भूमिकेचं नावच पाहा ना.

1965 मध्ये मायरचा 'मोटरसायको' हा तीन गुंड मोटरसायकलस्वारांचा सिनेमा बरा चालला. त्याने लगेच तोच साचा उलटा करून 'फास्टर, पुसीकॅट! किल! किल!' काढला: तीन बायका, मोटारगाड्या. पटकथा जॅक मोरनची, खर्च सुमारे 45,000 डॉलर, कॅलिफोर्नियाच्या मोहावे भागात चित्रण, लांबी 83 मिनिटं. व्हार्लाच्या भूमिकेत सताना, सोबत हाजी आणि लोरी विल्यम्स. हाजीही क्लबातली नर्तकी.

काटकसर प्रत्येक चौकटीत दिसते. कृष्णधवल फिल्म रंगीत फिल्मपेक्षा स्वस्त. वाळवंटात सेट बांधायला नको, दिवे नकोत. कॅमेरा जमिनीलगत ठेवला की मागे फक्त आभाळ येतं आणि माणूस मनोऱ्यासारखा दिसतो. तोटेही त्याच पदरात पडतात: डोक्यावरच्या उन्हात डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात, धूळ कॅमेऱ्यात शिरते, आणि काळ्या तंग कपड्यातली नटी भाजून निघते.

सतानाचं रंगमंचावरचं शिक्षण इथे एकेक करून कामी येतं. क्लबातल्या शेवटच्या टेबलावरून दिसाव्यात म्हणून रंगवलेल्या जाड कोरीव भुवया आणि कपाळावर सरळ कापलेले केस: कडक उन्हातल्या कृष्णधवल चित्रात हाच चेहरा टिकतो, सौम्य रंगभूषा धुऊन जाते. स्तब्ध उभं राहण्याची 'गॅलाटिया'ची सवय: मायर तुकडे छोटे छोटे कापायचा, आणि छोट्या तुकड्यात स्थिर पवित्रा लगेच वाचता येतो. हातमोजे: रंगमंचावर जे सगळ्यात आधी उतरतात तेच इथे बहुतेक वेळ हातातच राहतात, आणि प्रेक्षक नकळत त्यांची वाट पाहत राहतो. वेष आणि रंगभूषा यांत तिचा स्वतःचा वाटा होता. मारामाऱ्या तिने आपल्या आयकिडो-कराटेवरून स्वतः बसवल्या, धोक्याची कामं स्वतः केली, संवादांतही भर घातली.

मायरने संकलनही स्वतःच केलं, म्हणजे कात्री त्याच्याच हातात. पण सतानाने जे द्यायचं ते कपड्यांत, पवित्र्यांत आणि हाणामारीत आधीच भरून ठेवलं होतं. कुठेही कापा, ते शिल्लक राहतं. नाच तसा कापता येत नाही. बर्लेस्कमधून सिनेमात गेलेल्या बाकीच्यांपेक्षा ती वेगळी ठरते ती इथे.

सिनेमा पाहायचा असेल तर सुरुवातीच्या नाचाकडे दुर्लक्ष करू नका. तिघी क्लबात नाचतायत, खालून पुरुष ओरडतायत, आणि कॅमेरा नर्तकीइतकाच ओरडणाऱ्यांच्या चेहऱ्यांकडे पाहतो. मग थेट वाळवंट, भरधाव गाड्या. बर्लेस्कचा दरवाजा बंद करूनच सिनेमा पुढे जातो.

पैसा गेला कुठे

पहिल्या प्रदर्शनात हा सिनेमा आपटला. चालला असता तरी नटीच्या हाती फार लागलं नसतं, कारण वाटपाची रीतच तशी. प्रांतवार हक्क घेणारा उपवितरक सिनेमा लावतो. समजा खिडकीवर 100 डॉलर जमले, आणि थिएटरवाल्याने त्यातले 60 ठेवले. उरलेल्या 40 मधून उपवितरकाचं कमिशन 10 ते 12. मग प्रिंट, पोस्टर, जाहिरात. निर्मात्याकडे 20 आले तरी नशीब. हे आकडे समजुतीपुरते, पण गळती याच क्रमाने होते. वर तिकिटं कमी दाखवण्याची चोरी वेगळीच. नटांना सहसा एकरकमी मानधन. सिनेमा पुढे कितीही चालला तरी त्यात हिस्सा नाही. हक्क मायरकडे राहिले, आणि व्हिडिओ कॅसेटच्या काळात त्या तो स्वतःच विकायचा.

सतानाला पुढे मिळाले ते टेड व्ही. माइकल्सचे सिनेमे: 'द ॲस्ट्रो-झॉम्बीज' (1968), जिथे ती पुन्हा पूर्वेकडची कारस्थानी हेर झाली, आणि 'द डॉल स्क्वॉड' (1973). 1968 च्या नोव्हेंबरात सिनेमांना प्रेक्षकाच्या वयानुसार श्रेणी देण्याची पद्धत आली आणि मोठे स्टुडिओच नग्नता व हिंसा दाखवू लागले. पुढच्या चारपाच वर्षांत उघड अश्लील सिनेमाही थिएटरात पोचला. सूचकतेवर जगणाऱ्या मधल्या दुकानाला दोन्हीकडून गिऱ्हाईक उरलं नाही.

1973 नंतर एका जुन्या प्रियकराने तिच्यावर गोळी झाडली. त्यातून उठून तिने काही वर्षं रुग्णालयात नोकरी केली, मग लॉस एंजेलिस पोलिसांच्या वायरलेस कक्षात. 1981 मध्ये मोटार अपघातात पाठीचा कणा मोडला, दोनेक वर्षं रुग्णालयाच्या वाऱ्यांत गेली. (एल्विस प्रेस्लीच्या प्रेमाच्या कहाण्या ती रंगवून सांगत असे. चाहत्यांना त्याच जास्त आवडतात, पण कारकीर्द समजायला त्या लागत नाहीत.)

1995 मध्ये 'पुसीकॅट' पुन्हा थिएटरांत लागला आणि या वेळी समीक्षकांनी तो गांभीर्याने पाहिला. स्त्रीवादी समीक्षकांमध्येही त्याचे चाहते निघाले. 2009 मध्ये दिग्दर्शक रॉब झॉम्बीच्या 'द हॉन्टेड वर्ल्ड ऑफ एल सुपरबीस्टो' या ॲनिमेशनपटात व्हार्ला पुन्हा अवतरली. चित्र काढलेलं, आवाज तेवढा सतानाचा. 4 फेब्रुवारी 2011 ला नेव्हाडातल्या रीनो इथे ती वारली, वयाच्या 72 व्या वर्षी.